खरे घड्याळ कोणाचे?

भंडाऱ्याजवळ कारध्याच्या पुलावरून वैनगंगेचा पूर पाहताना मला कृष्णविवर आठवते. प्रवाह माशापेक्षा वेगवान झाला, की मासा परतणार नाही. मात्र ती हद्द ओलांडल्याचे त्याला कळणारही नाही. १९३९ साली ओपेनहायमर आणि स्नायडर यांनी गणित मांडले. कोसळत्या ताऱ्यासोबत जाणाऱ्याच्या घड्याळात सारे साधारण दिवसभरात आटोपते. दूरच्याला मात्र तारा हद्दीशी थिजत गेलेला दिसतो. मग खरे कोणाचे? दोघांचेही! हद्द म्हणजे भिंत नव्हे, एकेरी वाट, हे १९५८ मध्ये फिंकेलस्टाईन यांनी दाखवले. थिजते ते फक्त दूरच्याला दिसणारे चित्र. पडणारा केव्हाच आत गेलेला असतो. मराठीत हा विषय गोष्टीत आला तो १९७४ मध्ये. मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ कथा पहिली आली. लेखक? नारायण विनायक जगताप. आद्याक्षरे उलटी वाचा, जयंत विष्णू नारळीकर सापडतील!