कड्यातील घरे आणि त्यांची माणसे

आठवीच्या वर्गात अमेरिका खंडाचा पाठ चालू होता. एका जुन्या मासिकातून कापून ठेवलेले चित्र मी मुलांना दाखविले. प्रचंड कड्याच्या पोटात, छपरासारख्या पुढे आलेल्या खडकाखाली दगडी घरांची एक अख्खी वस्ती त्यात दिसत होती. चौकोनी बुरूज, एक गोल बुरूज, इवल्याशा खिडक्या. चित्र हातोहात फिरत मागच्या बाकापर्यंत गेले आणि तेथला एक मुलगा उठून म्हणाला, "सर, एवढं चांगलं घर सोडून ही माणसं गेली कुठं?"

मी तयार उत्तर दिले, "मोठा दुष्काळ पडला आणि ते लोक नाहीसे झाले." मुलगा खाली बसला. पण उत्तर देताना माझेच समाधान झाले नव्हते. पुढे सवडीने या विषयावर मिळेल ते वाचले, तेव्हा लक्षात आले की त्या मुलाला आपण चुकीचे सांगितले. ते लोक नाहीसे झालेच नव्हते. म्हणून हा लेख एका अर्थी माझीच चूक दुरुस्त करण्यासाठी आहे.

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांच्या नैऋत्येस कोलोरॅडो, युटा, ॲरिझोना आणि न्यू मेक्सिको ही चार राज्ये एका बिंदूत मिळतात. त्याच्या आसपासचा मुलूख उंच, कोरडा आणि खडकाळ आहे. पाऊस बेताचा, हिवाळ्यात बर्फ, आणि नद्या-ओढ्यांनी कापलेल्या खोल घळी. अशा ठिकाणी सुमारे चार हजार वर्षांपूर्वी मेक्सिकोकडून मका आला. आज आपण पावसाळ्यात रस्त्याच्या कडेला भाजून खातो, तोच हा मका. त्याच्या मागोमाग भोपळा व बऱ्याच काळाने घेवडा आला. नुसत्या मक्यावर माणसाचे नीट पोषण होत नाही. घेवड्याची जोड मिळाली की होते. भटकणारी माणसे शेताजवळ राहू लागली. प्रथम ती अर्धवट जमिनीत खणलेल्या खोलगट घरांत राहत. पुढे जमिनीवर दगडमातीच्या खोल्या आल्या, तरी ते जुने खोलगट घर त्यांनी टाकले नाही. त्याचेच गोल तळघर झाले. वरून शिडीने उतरायचे, मध्ये चूल, हवा आत येण्यासाठी एक झरोका, आणि तो वारा थेट विस्तवावर येऊ नये म्हणून समोर उभा दगड. यालाच 'किव्हा' म्हणतात. विधी, सभा, हिवाळ्यातली कामे, सारे येथे चाले. कित्येक किव्हांच्या जमिनीत एक लहानसे छिद्र असते. आपले पूर्वज भूमीच्या पोटातून अशाच एका वाटेने या जगात वर आले, अशी त्यांची श्रद्धा.

बायका दगडी पाट्यावर मका वाटीत. आपल्याकडच्या पाट्या-वरवंट्यासारखेच हे साधन. मात्र त्यांचा दगड वालुकामय, त्यामुळे पिठात बारीक कच उतरे आणि सापडलेल्या कवट्यांतील दात झिजून सपाट झालेले दिसतात. घायपातासारख्या युक्का नावाच्या वनस्पतीच्या तंतूंच्या चपला, टर्कीच्या पिसांची पांघरुणे, पांढऱ्यावर काळी नक्षी काढलेली मडकी, असा त्यांचा संसार होता. बैल नाही, घोडा नाही, चाक नाही, लोखंड नाही.

हे ध्यानात ठेवून न्यू मेक्सिकोतील चाको येथील इमारतींकडे पाहावे लागते. इ.स. ८५० ते ११५० या तीनशे वर्षांत तेथे मोठमोठे वाडे उभे राहिले. त्यातला सर्वांत मोठा 'प्वेब्लो बोनितो', म्हणजे स्पॅनिश भाषेत 'सुंदर गाव'. साडेसहाशेच्या आसपास खोल्या आणि मागची बाजू चार मजली. चाकोच्या सर्व मोठ्या वाड्यांना मिळून दोन लाखांवर झाडे लागली असावीत, असा अंदाज आहे. त्यातली बहुतेक सुमारे पन्नास मैलांवरच्या डोंगरांतून आणलेली. ही लाकडे माणसांनी खांद्यावरून वाहून आणली, दुसरे साधनच नव्हते. २००९ साली पॅट्रिशिया क्राउन या संशोधिकेने येथील उभट भांड्यांच्या खापरांत कोकोचा अंश दाखवून दिला. कोकोचे झाड त्या मुलखात वाढतच नाही. ते वाढते हजार मैलांहून दूर दक्षिणेस. रंगीत मकाव पोपटही तिकडूनच येत. आडरानातले अडाणी लोक, अशी कोणाची समजूत असेल तर या एवढ्यानेच ती सुटावी.

चित्रातली वस्ती मात्र चाकोची नव्हे. ती कोलोरॅडोतील मेसा व्हर्दे येथील 'क्लिफ पॅलेस'. अजिंठा-वेरूळ पाहिलेल्या वाचकांना वाटेल की ही घरे खडकात कोरलेली असावीत. तसे नाही. निसर्गानेच तयार केलेल्या कपारीत, घडीव दगड मातीने सांधून ती बांधलेली आहेत. सुमारे दीडशे खोल्या आणि वीसहून अधिक किव्हा. बांधकाम बहुतेक तेराव्या शतकातले. शेते वर पठारावर होती. खडकात खोदलेल्या, बोटे रुतवायच्या खोबणींतून माणसे रोज वर-खाली करीत.

आता, या घरांचे वय कोणी कसे काढले? या लोकांनी लिहिलेला एकही कागद नाही, नाणे नाही, शिलालेख नाही. ही हकीकत विज्ञानाच्या विद्यार्थ्यांनी मुद्दाम वाचावी. ए. ई. डग्लस हे ॲरिझोनातील खगोलशास्त्रज्ञ. त्यांना अभ्यासायचे होते सूर्यावरचे डाग. डागांचा पावसावर परिणाम होत असेल तर त्याची नोंद झाडांत सापडेल, असा त्यांचा तर्क होता. झाडाच्या बुंध्यात दर वर्षी एक वलय वाढते. पाऊस बरा झाला तर रुंद, दुष्काळ असला तर अगदी बारीक. एकाच प्रदेशातल्या सगळ्या झाडांत रुंद-बारीक वलयांचा क्रम सारखाच येतो. आज तोडलेल्या झाडाची आतली वलये जुन्या घराच्या तुळईच्या बाहेरच्या वलयांशी जुळवावयाची, त्या तुळईची आतली वलये आणखी जुन्या तुळईशी, आणि असे साखळीने मागे जावयाचे. डग्लसांजवळ दोन साखळ्या तयार झाल्या. एक वर्तमानकाळापासून चौदाव्या शतकापर्यंत जाणारी. दुसरी जुन्या अवशेषांतील तुळयांची, ५८५ वर्षांची, पण अधांतरी. तिचे पहिले वर्ष कोणते व शेवटचे कोणते, हे कळावयास मार्ग नव्हता. मधला दुवा हरवला होता. अखेर २२ जून १९२९ रोजी ॲरिझोनातील शो लो या गावी हारग्रेव्ह व हॉरी या त्यांच्या सहकाऱ्यांना अर्धवट जळालेल्या तुळईचा एक तुकडा सापडला. त्याची वलये दोन्ही साखळ्यांना जुळली. रात्री दिव्याच्या उजेडात डग्लसांनी हिशेब मांडला आणि तोवर निव्वळ अंदाजाने बोलले जात असलेल्या कित्येक वस्त्यांच्या तारखा ठरल्या. सूर्याचा अभ्यास करणाऱ्याने घरांची वये सांगितली. आपल्या विषयाच्या कुंपणाबाहेर डोकावण्यात काय लाभ असतो, हे मुलांना सांगताना मला या जळक्या लाकडाची आठवण होते.

त्याच वलयांनी दुष्काळही दाखविला. इ.स. १२७६ ते १२९९ या वर्षांची वलये बारीक आहेत. १२८० नंतर तोडलेले लाकूड मेसा व्हर्देच्या परिसरात जवळजवळ सापडत नाही. झाले, दुष्काळाने लोक नाहीसे झाले, असा सिद्धांत तयार! मी वर्गात सांगितला तो हाच. पण बाराव्या शतकातही मोठा दुष्काळ पडला होता आणि तेव्हा हा मुलूख ओस पडला नाही. तेराव्या शतकात एकच संकट नव्हते. लोकवस्ती दाटली होती, थंडीने मक्याचा हंगाम आखडला होता, गावागावांत वैर वाढले होते. कॅसल रॉक नावाच्या एका वस्तीत १२८० च्या सुमारास सरसकट कत्तल झाल्याचा पुरावा उत्खननात मिळाला आहे. आणि दक्षिणेस व पूर्वेस, रिओ ग्रांदे नदीच्या खोऱ्यात, नवी मोठी गावे वसत होती. लोक तिकडे गेले. एका रात्रीत नव्हे; कुटुंबे, मग वाड्या, मग गावेच्या गावे.

तेथे ते आजही आहेत. न्यू मेक्सिकोत प्वेब्लो लोकांची एकोणीस गावे आहेत, ॲरिझोनात होपी आहेत. होपींचे ओराइबी आणि खडकाच्या माथ्यावरचे अकोमा ही गावे आठ-नऊ शतके सलग नांदत आहेत. मका पेरला जातो, किव्हात माणसे जमतात. मग हे लोक 'नाहीसे' कोणाच्या दृष्टीने झाले?

डिसेंबर १८८८ मध्ये रिचर्ड वेदरिल आणि चार्ली मेसन हे दोघे बर्फात चुकलेली गुरे शोधताना क्लिफ पॅलेसच्या समोर आले. "वेदरिल यांनी शोध लावला" असे त्यामुळे छापले जाते. वास्तविक तेथल्या यूट लोकांना ही घरे ठाऊक होती. 'शोध' हा शब्द शिक्षकांनी थोडा जपून वापरावा. नावांचेही तसेच. न्यू मेक्सिकोतील एका मोठ्या अवशेषाला आलेल्या वसाहतवाल्यांनी 'ॲझ्टेक' हे नाव ठेवले. इथल्या गरीब शेतकऱ्यांच्या पूर्वजांनी हे बांधले असेल, हे त्यांच्या मनालाच पटेना. मेक्सिकोचे ॲझ्टेक येऊन बांधून गेले असतील, ही कल्पना सोपी वाटली. पुस्तकांतून दीर्घकाळ चाललेले 'अनासाझी' हे नाव शेजारच्या नाव्हाहो लोकांच्या भाषेतले, आणि त्याचा अर्थ साधारणपणे 'शत्रूंचे पूर्वज' असा केला जातो. आपल्या आजोबा-पणजोबांना पुस्तकात या नावाने छापलेले कोणाला रुचेल? होपी त्यांना 'हिसात्सिनोम', म्हणजे फार पूर्वीचे लोक, म्हणतात. अभ्यासकही आता 'प्वेब्लोंचे पूर्वज' असेच लिहितात.

येथे आपल्या वाचकांना विशेष वाटेल अशी एक हकीकत सांगतो. या प्वेब्लो मुलखात जुन्या जगातून आलेला पहिला ज्ञात माणूस गोरा नव्हता. तो मोरोक्कोतील अझम्मूर गावचा, अरबी बोलणारा, काळ्या वर्णाचा गुलाम होता. स्पॅनिशांनी त्याला एस्तेबान हे ख्रिस्ती नाव दिले. आईबापांनी ठेवलेले नाव कोणत्याही कागदात उरलेले नाही. १५२८ साली फ्लॉरिडाकडे गेलेल्या मोहिमेची धूळधाण झाली. जे चौघे पायी चालत १५३६ साली मेक्सिकोत पोहोचले, त्यांत हा एक होता. वाटेत तो अनेक जमातींशी हातवारे करून बोलायला शिकला होता. म्हणूनच १५३९ साली उत्तरेकडच्या मोहिमेत त्याला पुढे पाठविण्यात आले. झुन्यी लोकांच्या हाविकू या गावी तो पोहोचला आणि तेथेच मारला गेला. पुढल्या वर्षी कोरोनादो सैन्य घेऊन आला व त्याने ते गाव जिंकले.

त्यानंतरची दीडशे वर्षे प्वेब्लोंना फार कठीण गेली. वेठ, धान्याची वसुली आणि धर्मावर घाला. किव्हा बुजविल्या गेल्या, विधींचे मुखवटे जाळले गेले. १६८० साली पोपे नावाच्या धर्मपुरुषाने गावोगाव धावपटूंकरवी गाठी मारलेल्या दोऱ्या पाठविल्या. रोज एक गाठ सोडावयाची; शेवटची सुटेल त्या दिवशी सर्वांनी उठावयाचे. वेगवेगळ्या भाषा बोलणारी, एरवी आपसांत भांडणारी गावे एकाच वेळी उठली आणि स्पॅनिशांना बारा वर्षे हा मुलूख सोडावा लागला. रक्तपात पुष्कळ झाला, तो लपविण्याचे कारण नाही. पण जी माणसे १३०० च्या आधीच 'नाहीशी' झाली म्हणतात, त्यांच्याच वंशजांनी केलेला हा उठाव आहे.

कड्यातल्या घरांत पुढे लूटही झाली. १८९१ साली गुस्ताफ नॉर्डेनशेल्ड हा तेवीस वर्षांचा स्वीडिश तरुण मेसा व्हर्देला आला. त्याने काम पद्धतशीर केले आणि १८९३ साली त्यावर ग्रंथ लिहिला, याचे श्रेय त्याला दिलेच पाहिजे. परंतु जाताना त्याने गाड्या भरून वस्तू नेल्या, आणि थडग्यांतील माणसांची हाडेही नेली. स्थानिक लोकांनी त्याला अटक करविली. पण वस्तू नेण्यास मनाई करणारा कायदाच नव्हता. असा कायदा झाला १९०६ साली, व त्याच वर्षी मेसा व्हर्दे राष्ट्रीय उद्यान झाले. नेलेला संग्रह अखेर फिनलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयात जाऊन पडला. होपी, झुन्यी, अकोमा आणि झिया या लोकांनी आपल्या माणसांची हाडे परत मागितली. २०१९ साली ते मान्य झाले आणि २०२० मध्ये सुमारे वीस जणांचे अवशेष, सोबत पुरलेल्या वस्तूंसह, मेसा व्हर्देच्या मातीत पुन्हा दफन करण्यात आले. जवळजवळ एकशे तीस वर्षांनी! आपल्या कबरस्तानांशी आपले जे नाते असते ते ज्याला ठाऊक आहे, त्याला या मागणीचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

दरम्यान त्या गावांतली मुले शिकली. ओके ओविंगे, ज्याला स्पॅनिशांनी सान हुआन म्हटले, त्या प्वेब्लोत १९३९ साली जन्मलेले अल्फोन्सो ऑर्टिझ मानववंशशास्त्राचे प्राध्यापक झाले. आपल्या तेवा लोकांच्या जीवनावरचा त्यांचा ग्रंथ १९६९ साली प्रसिद्ध झाला. हेमेझ प्वेब्लोचे जो सांडो यांनी आपल्या लोकांचा इतिहास स्वतः लिहिला. आणि अगदी अलीकडे पिकुरिस या लहानशा प्वेब्लोने आणखी एक पाऊल टाकले. चाकोशी आपले नाते आहे असे तेथले वृद्ध सांगत आले होते. गावाने स्वतः होऊन शास्त्रज्ञांना बोलावले, आपल्या रक्ताच्या आणि आपल्या जुन्या थडग्यांतील अवशेषांच्या तपासणीस परवानगी दिली, आणि त्यातले काय छापावयाचे याचा शेवटचा शब्द आपल्याकडे ठेवला. २०२५ साली 'नेचर' या नियतकालिकात निष्कर्ष प्रसिद्ध झाला: चाकोत पुरलेल्या माणसांशी पिकुरिसच्या आजच्या लोकांचे जवळचे नाते आहे.

मागच्या बाकावरचा तो मुलगा आता नववीत आहे. हे चित्र मी पुन्हा त्याच्या वर्गात नेणार आहे, आणि या वेळी सोबत अकोमाचे आजचे छायाचित्रही.