पडद्यामागील स्वरलेखक : अँथनी गोन्साल्विस

चित्रपटाच्या नामावलीत संगीतदिग्दर्शक, कवी आणि गायक यांची नावे ठळक अक्षरांत झळकतात. परंतु गीताच्या साथीस असलेल्या प्रत्येक वाद्याने कोणत्या क्षणी कोणता स्वर वाजवावा, हे कागदावर उतरवून देणाऱ्या गृहस्थाचे नाव जुन्या काळी तेथे क्वचितच आढळे. सिनेव्यवसायात त्यास ‘अरेंजर’ म्हणत. अशाच एका गुणी पुरुषाचा, कै. अँथनी गोन्साल्विस यांचा, अल्प परिचय वाचकांस करून देण्याचे येथे योजिले आहे.

अँथनी यांचा जन्म १९२७ साली गोव्यातील माजोर्डा गावी झाला. वडील तेथील चर्चमध्ये गायनवृंदाचे शिक्षक होते. पोर्तुगीज अमदानीत गोव्यातील चर्चच्या शाळांतून मुलांस पाश्चात्त्य स्वरलिपी व व्हायोलिन शिकविले जाई. प्रार्थनेच्या सोयीसाठी दिलेली ही विद्या पुढे मुंबईत अनेक गोवेकरांच्या उपजीविकेचे साधन ठरली. अँथनीही १९४३ साली नौशाद यांच्या वाद्यवृंदात व्हायोलिनवादक म्हणून दाखल झाले.

त्या काळचे बहुतेक संगीतदिग्दर्शक पेटी-तबल्यावर चाल बांधीत. त्यांची तालीम रागदारीत किंवा लोकसंगीतात झालेली असे. पाश्चात्त्य स्वरलिपी त्यांस अवगत नसे. उलट मोठ्या वाद्यवृंदातील व्हायोलिन, चेलो व ट्रम्पेट वाजविणारे वादक लिहिलेला कागद पाहून वाजवीत. या दोहोंमधील दुवा म्हणजे अरेंजर. चाल ऐकून तो प्रत्येक वाद्याचा भाग निरनिराळा लिही, दोन कडव्यांमधील संगीत सजवी आणि सर्वांचा मेळ घाली. अँथनींनी हे कार्य निष्ठेने केले.

त्यांची खरी आवड मात्र अध्यापनाची होती. पुढे लक्ष्मीकांत-प्यारेलाल या जोडीने कीर्ती मिळविलेले प्यारेलाल शर्मा त्यांच्याजवळ व्हायोलिन शिकले. राहुलदेव बर्मन हेही त्यांच्या शिष्यांपैकीच.

भारतीय राग आणि पाश्चात्त्य वाद्यवृंद यांचा संगम व्हावा, असा अँथनींना ध्यास लागला होता. १९५८ साली त्यांनी मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या प्रांगणात स्वतःच्या रचनांचा जलसा केला. लता मंगेशकर व मन्ना डे यांनी त्यात भाग घेतला. इतरांच्या चाली आयुष्यभर सजविणाऱ्या या कलावंताची स्वतःची कृती त्या दिवशी लोकांसमोर आली. तथापि अशा संगीतास पुढे स्थिर आश्रय लाभला नाही. १९६५ च्या सुमारास ते अमेरिकेतील सिरॅक्यूज विद्यापीठात गेले. परतल्यावर ते चित्रपटव्यवसायापासून दूर राहिले आणि गोव्यातच शांतपणे राहू लागले.

१९७७ साली ‘अमर अकबर अँथनी’ प्रदर्शित झाला. त्याचे संगीत लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचे. प्यारेलाल यांनी आपल्या गुरूचे संपूर्ण नाव एका विनोदी गीतात गुंफविले आणि ते देशभर दुमदुमले. हे नाव एका जिवंत स्वरपंडिताचे आहे, याची मात्र गाणाऱ्या लाखोंपैकी फारच थोड्यांस कल्पना होती! १८ जानेवारी २०१२ रोजी अँथनी निवर्तले.

सारा जन्म मास्तरकीत घालविलेल्या माझ्यासारख्यास ही गुरुदक्षिणा फार मोलाची वाटते. तरीही केवळ नाव गाजले म्हणजे ऋण फिटले, असे नव्हे. जुनी गाणी आपण घरोघरी आवडीने ऐकतो. ती ऐकताना दोन ओळींमधल्या व्हायोलिनांकडेही क्षणभर कान द्यावा आणि मुलाबाळांस सांगावे, की हे स्वरही कोणीतरी रात्र जागून लिहिले आहेत.