स्थगितीचा हुकूम आणि न्यायालयाचे अंतर : भिलाई परिसराच्या न्यायेतिहासातील एक प्रश्न

दिवाणी दाव्याचा निकाल लागल्यावर हरलेला पक्ष अपील दाखल करतो, तेव्हा निकालाची बजावणी आपोआप थांबते, असा एक सार्वत्रिक समज आहे. कायद्याची भूमिका नेमकी उलट आहे. १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ४१, नियम ५ अन्वये केवळ अपील दाखल केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. त्यासाठी अपीलकर्त्याने स्वतंत्र अर्ज करावयाचा असतो. अर्जास अवाजवी विलंब झालेला नाही आणि स्थगितीअभावी आपली भरीव हानी होईल, हे त्याने दाखवावे लागते, तसेच तारण द्यावे लागते. मात्र मंजूर झालेली स्थगिती कोणत्या क्षणापासून लागू होते, हा प्रश्न दीर्घकाळ अनिर्णित राहिला. भिलाई परिसराच्या इतिहासात या प्रश्नाला विशेष महत्त्व प्राप्त होते.

भिलाई ज्या दुर्ग जिल्ह्यात येते, तो जिल्हा १९०६ साली अस्तित्वात आला. तत्पूर्वी हा मुलूख नागपूरकर भोसल्यांच्या राज्यात होता. १८५४मध्ये ते राज्य खालसा झाले आणि १८६१मध्ये मध्यप्रांताची निर्मिती झाली. प्रांताचे वरिष्ठ न्यायालय नागपुरास होते. प्रथम ज्युडिशियल कमिशनरचे न्यायालय आणि जानेवारी १९३६पासून उच्च न्यायालय, असा त्याचा क्रम होय. हावडा-नागपूर लोहमार्गावर असल्याने दुर्गच्या पक्षकारास नागपूर गाठणे तुलनेने सुलभ होते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्य पुनर्रचना झाली, नागपूर मुंबई राज्यात गेले आणि दुर्ग मध्य प्रदेशात राहिले. उच्च न्यायालय जबलपूर येथे स्थापन झाले. नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश न्या. हिदायतुल्ला हेच तेथील पहिले मुख्य न्यायाधीश झाले. जबलपूर मात्र दुर्गच्या लोहमार्गावर नव्हते.

याच सुमारास भिलाईचे रूप पालटले. २ फेब्रुवारी १९५५ रोजी सोव्हिएत संघाशी पोलाद कारखान्याचा करार झाला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी पहिल्या झोतभट्टीचे उद्‌घाटन झाले. जमीन, घर, भाडे आणि कर्ज यांचे तंटे औद्योगिक वसाहतीत वाढणे स्वाभाविकच होते. दुर्ग येथील दिवाणी न्यायालयाने ताब्याचा हुकूमनामा द्यावा, जबलपुरात स्थगिती मिळावी आणि ती कळण्यापूर्वीच बेलिफाने कुलूप तोडून ताबा घ्यावा, असा प्रसंग अशा अंतरामुळे संभवनीय ठरे.

अशा कृतीचे स्वरूप काय, याविषयी उच्च न्यायालयांत मतभेद होते. स्थगिती मंजूर होताच खालच्या न्यायालयाचा अधिकार संपतो, असे एक मत होते; हुकूम कळेपर्यंत तो अबाधित राहतो, असे दुसरे. १९६७मध्ये मुलराज विरुद्ध मूर्ती रघुनाथजी महाराज या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दुसरे मत ग्राह्य धरले. स्थगिती हा खालच्या न्यायालयास दिलेला मनाईचा हुकूम आहे, त्यामुळे तो कळण्यापूर्वी केलेली कार्यवाही निरर्थक ठरत नाही. मात्र तो कळल्यावर, मधल्या काळातील कार्यवाही अंगभूत अधिकाराने रद्द करण्याची मुभा त्या न्यायालयास असते.

१९७६च्या दुरुस्तीने या निर्णयास कायद्याचे रूप मिळाले. ती १ फेब्रुवारी १९७७पासून अमलात आली. नियम ५ला जोडलेल्या स्पष्टीकरणानुसार स्थगिती प्रथम न्यायालयास कळल्यापासून परिणामकारक होते. मात्र अपीलकर्त्याने वैयक्तिक माहितीच्या आधारे शपथपत्र दिल्यास, मूळ हुकूम येईपर्यंत त्या न्यायालयाने त्यानुसार वागावयाचे असते. दूरच्या अपीलकर्त्यासाठी ही तरतूद मोलाची होती. ज्याला हुकूम मंजूर झाल्याचे प्रत्यक्ष ठाऊक आहे, तो त्याच्या प्रतीची वाट न पाहता बजावणी रोखू शकत होता. याखेरीज अपिलाची मुदत संपण्यापूर्वी स्वतः निकाल देणाऱ्या न्यायालयासही बजावणी तहकूब करण्याचा अधिकार नियम ५(२)ने दिला आहे.

स्थगितीची दुसरी बाजूही तितकीच महत्त्वाची आहे. दावा जिंकलेल्या व्यक्तीला तिच्या हक्कापासून वर्षानुवर्षे वंचित ठेवणे हाही अन्यायच होय. म्हणून पैशाच्या हुकूमनाम्यात न्यायालयाने सांगितलेली रक्कम अथवा तारण न भरल्यास स्थगिती देता येत नाही. आत्माराम प्रॉपर्टीज प्रकरणात डिसेंबर २००४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, निष्कासनाच्या स्थगितीच्या काळात घरमालकास वाजवी नुकसानभरपाई देण्याची अट घालता येते, असे स्पष्ट केले.

१ नोव्हेंबर २००० रोजी छत्तीसगडची निर्मिती होऊन उच्च न्यायालय बिलासपुरात आले. दुर्गपासून ते सुमारे दीडशे किलोमीटरवर, त्याच जुन्या लोहमार्गावर आहे. अंतर घटले, तरी तत्त्व तेच राहिले. हुकूमनामा पुढे रद्द झाल्यास कलम १४४ अन्वये पूर्वस्थिती परत मिळविता येते. परंतु पाडलेली भिंत अथवा विकलेला संसार या कलमाने जसाच्या तसा परतत नाही. स्थगितीच्या कायद्याचा इतिहास, म्हणूनच, निकाल आणि अंतिम न्याय यांच्यातील अंतर कमी करण्याचा इतिहास आहे.