एकच गाणं : एकदा पंचविसावं, एकदा पहिलं

माझ्या पीएच.डी.च्या पहिल्या प्रकरणाच्या कच्च्या खर्ड्यात अशा अर्थाचं एक वाक्य होतं : 'हे गाणं त्या वर्षी पहिल्या क्रमांकावर होतं, म्हणजेच लोकांना ते सर्वांत जास्त आवडत होतं.' गाईडनी 'म्हणजेच' या शब्दाभोवती पेन्सिलीने गोल काढला आणि समासात दोनच शब्द लिहिले, 'कसं काय?' मला वाटलं होतं, दोन मिनिटांत उत्तर देईन. त्यात चार महिने गेले. त्या चार महिन्यांत जे हाती लागलं, ते एका गाण्याच्या आधाराने तुम्हाला सांगतो.

गाणं आहे 'किलिंग इन द नेम'. बँड 'रेज अगेन्स्ट द मशीन'. १९९१ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये जमलेले हे चौघे : गायक झॅक डे ला रोचा, गिटारवर टॉम मोरेलो, बेसवर टिम कॉमरफर्ड आणि ड्रम्सवर ब्रॅड विल्क. यांच्या संगीताला रॅप रॉक म्हणतात. म्हणजे मागे जड रॉक गिटार, आणि पुढे गाण्याऐवजी रॅपच्या ठेक्यात फेकलेले शब्द. मोरेलोने सांगितलंय की या गाण्याची मुख्य धून त्याला एका विद्यार्थ्याला गिटार शिकवताना सुचली. गिटारची सर्वांत जाड तार एक सूर खाली उतरवायची पद्धत तो दाखवत होता, तेवढ्यात ती बोटांखाली आली.

गाण्याचा विषय मात्र धडा शिकवता शिकवता सुचलेला नाही. मार्च १९९१ मध्ये लॉस एंजेलिसच्या पोलिसांनी रॉडनी किंग या कृष्णवर्णीय माणसाला बेदम मारलं. ते एका रहिवाशाने व्हिडिओवर टिपलं आणि जगाने पाहिलं. तरीही २९ एप्रिल १९९२ ला ज्युरीने खटल्यातल्या चारही पोलिसांपैकी कुणालाही दोषी ठरवलं नाही. शहर पेटलं, साठाहून जास्त माणसं मेली. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात या बँडचा पहिला अल्बम आला. गाण्याचा आरोप सरळ आहे : गणवेशातली काही माणसं आणि वर्णद्वेषी टोळ्यांतली माणसं एकच आहेत. शेवटी एकच नकार, शिवीसकट, पुन्हा पुन्हा, आवाज चढवत म्हटला जातो.

आता चार्टकडे वळू. ब्रिटनमध्ये हे गाणं १९९३ मध्ये फार तर २५ व्या क्रमांकापर्यंत पोचलं. त्या फेब्रुवारीत बीबीसी रेडिओ वनच्या रविवारच्या टॉप ४० कार्यक्रमात चुकून शिव्या न गाळलेली आवृत्ती वाजली आणि शंभरावर श्रोत्यांनी तक्रारी केल्या. तेवढी चर्चा झाली, आणि गाणं यादीतून उतरलं.

मग २० डिसेंबर २००९ ला हेच गाणं ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर आलं, तेही नाताळच्या आठवड्यात! रेकॉर्डिंग तेच, एक सूरही बदललेला नाही. मग बदललं काय?

यासाठी थोडं मागे जावं लागेल. ब्रिटनमधला पहिला चार्ट नोव्हेंबर १९५२ मध्ये 'न्यू म्युझिकल एक्सप्रेस' या साप्ताहिकाने छापला. तो बनवायची रीत अगदी साधी होती. पर्सी डिकिन्स नावाचा त्यांचा माणूस वीसेक रेकॉर्डच्या दुकानांना फोन करून विचारायचा, 'या आठवड्यात काय खपलं?' बस. म्हणजे पहिल्या दिवसापासून चार्ट मोजत होता तो खप, आवड नव्हे. तोही विशिष्ट दुकानांतला आणि एका आठवड्याचा. दुकानात नसलेली रेकॉर्ड कुणी विकत घेऊ शकत नाही. म्हणून जुनं गाणं चार्टमध्ये परत यायचं, तर कंपनीने ते पुन्हा बाजारात आणायला हवं. दार उघडायची किल्ली कंपनीकडे.

२००५ पासून इंटरनेटवरून डाउनलोड केलेली गाणीही मोजायला लागले, पण अट अशी की गाण्याची दुकानातली प्रतही असली पाहिजे. जानेवारी २००७ मध्ये ती अट गेली. एका ओळीचा नियम, पण परिणाम बघा : ऑनलाइन विक्रीला असलेलं कुठलंही गाणं, कितीही जुनं असो, आता चार्टमध्ये येऊ शकत होतं. किल्ली कंपनीच्या हातून निसटली होती. फक्त कुणाच्या ते लक्षात यायचं होतं.

ते आलं एसेक्समधल्या जॉन आणि ट्रेसी मॉर्टर या दांपत्याच्या. ब्रिटनमध्ये नाताळचा पहिला क्रमांक हा मानाचा असतो. त्यावर पैजाही लागतात. २००५ ते २००८ अशी सलग चार वर्षं तो 'द एक्स फॅक्टर' या टीव्ही स्पर्धेच्या विजेत्याला मिळाला होता. (आपल्याकडचं 'इंडियन आयडॉल' आठवा : परीक्षक, प्रेक्षकांची मतं, रडारड, सगळं.) अंतिम फेरी डिसेंबरात, विजेत्याचं गाणं लगेच बाजारात. निकाल ठरल्यासारखाच. मॉर्टर दांपत्याने फेसबुकवर आवाहन केलं, की त्या आठवड्यात सगळ्यांनी 'किलिंग इन द नेम' डाउनलोड करा. सोबत 'शेल्टर' या बेघरांसाठी काम करणाऱ्या संस्थेला देणगी द्या, असंही सुचवलं.

आठवड्याअखेरीचे आकडे असे : 'किलिंग इन द नेम' ५,०२,६७२. स्पर्धेचा विजेता जो मॅकएल्डरी याचं 'द क्लाइंब' ४,५०,८३८. केवळ डाउनलोडच्या जोरावर नाताळचा पहिला क्रमांक मिळवणारं हे पहिलं गाणं. पुढच्याच आठवड्यात मॅकएल्डरी पहिला आला, पण नाताळचा मान गेला तो गेलाच.

इथपर्यंत गोष्ट गोड आहे : सामान्य माणसांनी बड्यांना हरवलं. मीही आधी तसंच लिहिलं होतं. पण एक तपशील नडतो. रेजचं रेकॉर्ड 'एपिक' या लेबलवर आहे आणि एपिक सोनीच्या मालकीचं. एक्स फॅक्टरचा निर्माता सायमन कॉवेल याच्या 'सायको' या लेबलचाही सोनीशी भागीदारीचा व्यवहार होता. म्हणजे कुणीही जिंकलं तरी पैसे एकाच घरात जाणार होते.

मग हे सगळं फुकट होतं का? मला तसं वाटत नाही. पण त्याचं उत्तर चार्ट देत नाही, हा माझा मुद्दा आहे. पाच लाख खरेद्यांपैकी किती पोलिसी अत्याचाराविरुद्ध होत्या, किती टीव्हीच्या कंटाळ्यापोटी आणि किती निव्वळ गंमत म्हणून? आकड्यात हे तिन्ही एकसारखेच दिसतात. शिवाय मॅकएल्डरी १८ वर्षांचा पोरगा. त्याने कुणाचं काय बिघडवलं होतं? १९९२ चा राग, जो मारणाऱ्या पोलिसांवर होता, तो २००९ मध्ये एका गाण्याच्या स्पर्धेवर निघाला. गाणं तेच राहिलं, पण त्यातला नकार कुणाला उद्देशून आहे ते बदललं.

ते समजायला दुसरी साधनं लागतात. १७ डिसेंबरला बँड बीबीसी रेडिओ फाइव्ह लाइव्हवर सकाळच्या कार्यक्रमात वाजवायला आला. शिव्या टाळा, असं त्यांना बजावलं होतं. डे ला रोचाने सुरुवातीला टाळल्या, मग दिल्या, आणि गाणं मध्येच बंद करावं लागलं. जून २०१० मध्ये बँडने लंडनच्या फिन्सबरी पार्कमध्ये आभार मानायला मोफत कार्यक्रम केला आणि शेल्टरला मदतही पोचली. हे चार्टच्या कुठल्याही रकान्यात नाही. इतिहास लिहिताना मात्र तेच जास्त बोलकं ठरतं.

तेव्हा 'नंबर एक' असं कुठे वाचलंत, मग ते गाणं असो, सिनेमा असो की ट्रेंडिंग व्हिडिओ, तर तीन गोष्टी विचारा. मोजलं कुणी? मोजलं काय? आणि मोजणीत कुणाला शिरता येत होतं? यादीच्या इतिहासात नियमांचा इतिहास दडलेला असतो, आणि नियम बदलला की 'लोकप्रिय' या शब्दाचा अर्थही बदलतो.

माझ्या खर्ड्यातलं ते 'म्हणजेच' मी खोडलंय. आता वाक्य असं आहे : 'त्या आठवड्यात, त्या नियमांनुसार, या गाण्याचा खप सर्वांत जास्त नोंदला गेला.' वाचायला रुक्ष आहे, मान्य. पण गाईडनी त्याभोवती गोल काढला नाही.

पुढच्या लेखात २०१४ कडे वळू. त्या वर्षी ब्रिटनमध्ये ऑनलाइन ऐकणंही मोजायला लागले, १०० वेळा ऐकलं की एक विक्री, या हिशोबाने. शंभरच का, यावर बोलू.