दम लागण्याचा इतिहास

हिवाळ्यात पहाटे शहापूर किंवा मुरबाडमधून बाहेर पडणाऱ्या रस्त्यांवर पोलीस भरतीची तयारी करणारी मुले-मुली धावताना दिसतात. मुलांना १६०० मीटर, मुलींना ८०० मीटर, आणि गुण ठरतात सेकंदांवर. धावून थांबल्यावर त्यांच्यातल्या काहींची छाती आवळते, श्वासाला शीळ लागते, खोकल्याची उबळ आवरत नाही. एखाद्याच्या खिशात पंप असतो, पण तो चारचौघांत बाहेर निघत नाही. 'दमेकरी' असा शिक्का बसेल ही भीती. "काका, सरांना सांगू नका," असे मला एकाने बजावलेही होते.

माझ्याजवळ वैद्यकाची पदवी नाही. आपल्या दोन तालुक्यांतली रोगराई आणि तिच्यावरचे उपाय यांची माहिती मी जमेल तशी, वाचून आणि विचारून, गोळा करत आलो आहे. त्या वाचनातून या पंपाची जी वंशावळ हाती आली, ती इथे मांडतो. ती कळली तर पंप लपवावासा वाटणार नाही आणि एकट्या त्याच्यावर भिस्तही ठेवावीशी वाटणार नाही.

श्रमाने लागणारा दम वैद्यांना फार जुन्या काळापासून ठाऊक आहे. चरकसंहितेत श्वासरोगाचे पाच प्रकार सांगितले आहेत. त्यांतला 'क्षुद्रश्वास' श्रमाने उपजतो आणि फारसा त्रास देत नाही. 'तमकश्वास' म्हणजे आपण ज्याला दमा म्हणतो त्याच्या जवळचा. ढगाळ हवा, थंडी आणि पूर्वेचा वारा यांनी तो बळावतो. श्वासरोगाच्या कारणांची चरकाची यादी तर आपल्याकडेच बसून केल्यासारखी वाटते: धूळ, धूर, वारा, गारठा, व्यायाम आणि लांबची चाल. दिवाळीनंतर पेटणाऱ्या वीटभट्ट्या, उन्हाळ्यात भातरोपांच्या जागेवर भाजले जाणारे राब, वैशाखऱ्याकडून नाणेघाट चढून जुन्नरला जाणारी जुनी पायवाट हे सगळे त्या यादीत सापडते. ग्रीक वैद्य अरेटियस यानेही सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वी धावण्याने व व्यायामाने लागणाऱ्या दम्याची नोंद केली होती.

उपायांची कथा मात्र धुरापासून सुरू होते. मुरबाडकडच्या एका आजीने मला सांगितले, की त्यांचे सासरे दम लागला की धोतऱ्याची वाळलेली पाने चिलमीत घालून ओढत. हा उपाय देशभर चालत असे. मद्रासमधले कंपनी सरकारचे वैद्यकीय अधिकारी जेम्स अँडरसन यांनी तो जनरल जेंट यांना सांगितला आणि १८०२ मध्ये जेंट यांच्यामार्फत तो ब्रिटनमध्ये पोहोचला. पुढचे शतकभर युरोप-अमेरिकेतल्या औषधांच्या दुकानांत धोतऱ्याच्या दमा-सिगारेटी विकल्या जात होत्या. धोतऱ्यातली द्रव्ये श्वासनलिकेचे आवळलेले स्नायू सैल करतात, म्हणून आराम पडे. पण धोतरा विषारी आहे. मात्रा थोडी चुकली तरी भ्रम होतो, जीवही जातो. त्यामुळे आज कोणी तो करून पाहू नये. इतिहासाच्या दृष्टीने महत्त्वाचे एवढेच, की औषध पोटात न घेता थेट श्वासातून घ्यायचे ही कल्पना आपल्याला परकी नाही. उलट धोतऱ्याच्या धुराचा हा उपाय इथूनच तिकडे गेला.

१९०१ मध्ये जपानी रसायनशास्त्रज्ञ जोकिची ताकामिने यांनी अ‍ॅड्रिनलिन शुद्ध रूपात वेगळे केल्याचे जाहीर केले. दम्याच्या झटक्यात ते टोचले, की श्वास मोकळा होई. पुढे अशी औषधे काचेच्या फवाऱ्यातून, रबरी फुगा दाबून घेतली जाऊ लागली. फवारा नाजूक, मात्रा बेभरवशाची. १९५५ मध्ये अमेरिकेतल्या रायकर कंपनीचे प्रमुख जॉर्ज मेसन यांच्या तेरा वर्षांच्या दमेकरी मुलीने वडिलांना विचारले, केसांना मारायच्या फवाऱ्यासारखे माझे औषध डबीत का मिळत नाही? पुढच्याच वर्षी, १९५६ मध्ये, 'मेडिहेलर' बाजारात आले. एकदा दाबले की ठरलेली मात्रा बाहेर येई. आजच्या पंपाचा हा थेट पूर्वज.

यानंतरचा अध्याय धडा देणारा आहे. १९६० च्या दशकात ब्रिटनमध्ये दम्याने होणारे मृत्यू अचानक वाढले. आयसोप्रिनलिन या औषधाच्या जास्त तीव्रतेच्या पंपांवर संशय गेला, इशारे दिले गेले आणि मृत्यू उतरले. दोष औषधाचा किती आणि त्याच्या भरवशावर डॉक्टरकडे उशिरा जाण्याचा किती, यावर पुढे बराच वाद झाला. १९६९ मध्ये ब्रिटनमध्ये साल्ब्युटॅमॉल आले. ते मुख्यतः श्वासनलिकेवर काम करते, हृदयाला तुलनेने कमी धडधडवते. १९७२ मध्ये बेक्लोमेथॅसोनचा, म्हणजे श्वासनलिकेची सूज उतरवणाऱ्या स्टिरॉइडचा पंप आला. पहिला पंप आवळलेली नळी सैल करतो, दुसरा ती मुळात का आवळते त्यावर काम करतो. दम्याच्या उपचाराचा सगळा आधुनिक इतिहास या दोन पंपांतल्या फरकाभोवती फिरतो.

भारतात १९७० च्या पेटंट कायद्याने औषधाच्या रेणूवरची मक्तेदारी काढली आणि फक्त ते बनवण्याच्या पद्धतीवर पेटंट ठेवले. हा कायदा १९७२ मध्ये अमलात आला. त्याच दशकात मुंबईच्या सिप्ला कंपनीने दम्याचे पंप देशात बनवायला सुरुवात केली. साल्ब्युटॅमॉलचा 'अस्थॅलिन' पुढे इतका रुळला, की अनेक घरांत पंपाचे नावच ते झाले.

आता धावण्याकडे येऊ. श्रमाने आवळणारी श्वासनलिका तपासताना रुग्णाला साधारण सहा ते आठ मिनिटे जोरात पळवतात आणि थांबल्यावर त्याचा श्वास मोजतात. १६०० मीटर धावायला लागणारा वेळ जवळपास तेवढाच. भरतीची धाव ही म्हणजे नकळत घेतलेली दम्याची चाचणीच. तोंडाने भराभर घेतलेली थंड, कोरडी हवा श्वासनलिकेतला ओलावा शोषते, ती चिडते आणि आवळते. त्रास बहुधा थांबल्यानंतर पाच-दहा मिनिटांत शिखर गाठतो. डॉक्टरांनी साल्ब्युटॅमॉल लिहून दिले असेल, तर धावण्याआधी दहा-पंधरा मिनिटे ते घेतल्याने बहुतेकांना तो टाळता येतो. पंप हलवायचा, श्वास पूर्ण सोडायचा, आत घेताना दाबायचा आणि दहा सेकंद रोखून धरायचा. आधी थोडे-थोडे, थांबत-थांबत पळून अंग तापवले तर अनेकांना त्याचाही उपयोग होतो.

मात्र रोज पंप मारून पळणाऱ्यात त्याचे संरक्षण हळूहळू घटते आणि आतली सूज तशीच राहते. २०१९ मध्ये दम्याविषयीच्या 'जिना' या जागतिक मार्गदर्शक संस्थेने प्रौढांना व किशोरांना फक्त झटपट आराम देणाऱ्या पंपावर ठेवू नये, सोबत सूज उतरवणारे औषध हवे, असे सांगितले. साठच्या दशकातला धडा पन्नास वर्षांनी नियम झाला.

राहिला प्रश्न लाजेचा. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये रिक डीमाँट या सोळा वर्षांच्या अमेरिकन जलतरणपटूचे सुवर्णपदक दम्याच्या औषधातल्या एफेड्रिनमुळे काढून घेतले गेले. त्याने ते औषध आपल्या अर्जात लिहिले होते, पण पथकाच्या डॉक्टरांनी ते पुढे कळवलेच नाही. आज साल्ब्युटॅमॉलचा पंप ठरावीक मर्यादेत आंतरराष्ट्रीय स्पर्धांतही चालतो. जगातले खेळाडू तो उघड वापरतात.

आपल्याकडे मात्र पंप लपतो आणि त्याच्याबरोबर आजारही. लपलेला आजार डॉक्टरपर्यंत पोहोचत नाही, दुसरा पंप सुरू होत नाही आणि पहिला महिन्याला दोन-दोन संपतो. धोतरा ओढणारे ते सासरे ओसरीवर सगळ्यांदेखत चिलीम पेटवत, असे आजी सांगत होत्या. त्यांचे औषध घातक होते, पण त्यांचा दम घरातल्या सगळ्यांना माहीत होता. त्यांच्या नातवंडांच्या पिढीला सुरक्षित औषध मिळाले आहे. तो उघडेपणाही मिळायला हवा.