वांगणीतलं शूटिंग आणि पडद्यावरची आई

मुरबाडहून बदलापूर गाठलं की लोकलचं पुढचं स्टेशन वांगणी. ‘राजा हरिश्चंद्र’चं बाहेरचं शूटिंग तिथं झालं, हे आपल्या शहापूर-मुरबाडच्या पोरांना कुणी सांगतच नाही. लाकडी तलवारी-भाले घेऊन आलेली मंडळी बघून गावाला वाटलं, दरोडेखोर आले! प्रकरण फौजदारापर्यंत गेलं. शेवटी फाळक्यांनी कॅमेऱ्यात फिल्म न घालता शूटिंग करून दाखवलं, तेव्हा सुटका झाली.

मुळात फाळक्यांना सिनेमाचं वेड लागलं ते गिरगावात येशूच्या चरित्राचा मूकपट बघून. दुसऱ्यांदा गेले ते पत्नी सरस्वतीबाईंना घेऊन. पडद्यावर ख्रिस्त, पण त्यांच्या डोळ्यांपुढं राम-कृष्ण. मला मात्र त्यात मेरीही दिसते. मेलेल्या मुलासाठी रडणारी आई तिकडं मेरी, इकडं तारामती. रोहिदासाचं प्रेत घेऊन स्मशानात बसलेली तारामती आपल्याकडं कीर्तनातून घरोघरी पोचलेलीच होती.

पण तारामती करायला बाईच मिळेना. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंकेंनी ती केली. रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. सांगतात की वांगणीत तो दगडावर पडून बेशुद्ध झाला. लोक म्हणाले, मुंबईला न्या. फाळक्यांनी प्रथमोपचार केले आणि त्याच अवस्थेत त्याला चितेवर ठेवून प्रसंग चित्रित केला. कथेतही रोहिदास निपचितच पडलेला असतो ना! याला निष्ठा म्हणायचं की निष्ठुरपणा? मी तरी दुसऱ्या बाजूला आहे.

रडणारी आई पडद्यावर पुरुष होता. खरी आई, सरस्वतीबाई, काय करत होत्या? फिल्मच्या कडेला भोकं पाडणं, रसायनं कालवणं, फिल्म धुणं, ऊन परतवायला पांढरी चादर धरून उभं राहणं, वर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये त्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली. म्हणजे लेकरं पडद्यावर, आई पडद्यामागं. फाळक्यांच्या नावानं १९६९ पासून देशाचा सर्वोच्च सिनेपुरस्कार आहे. सरस्वतीबाईंचं नाव दहा जणांना विचारा, एकाला आलं तर नशीब.

‘राजा हरिश्चंद्र’ लागला ३ मे १९१३ ला. आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर महाराष्ट्रानं आईचं नाव सक्तीचं केलं. एकशे अकरा वर्षांना दोन दिवस कमी.