सेमेनिश्किआय, ऑगस्ट १९७१

तुम्ही लिथुएनियात आहात, बिर्झायजवळच्या सेमेनिश्किआय गावात. अंगणात उघड्यावर चूल पेटली आहे आणि एक म्हातारी तिच्यावर किसलेल्या बटाट्यांची धिरडी घालते आहे. धूर तुमच्या डोळ्यांत जातो. तिच्यासमोर तिचा मुलगा सोळा मिलिमीटरचा बोलेक्स कॅमेरा घेऊन वाकला आहे. चित्रपटकार योनास मेकस, वय ४८. १९४४ साली घर सोडलं, त्यानंतर आईला आत्ता भेटतोय.

कॅमेऱ्याची करकर ऐका. सुरू होते, तुटते, पुन्हा सुरू होते. हा कॅमेरा स्प्रिंगवर चालतो. एकदा चावी भरली की जेमतेम अर्धा मिनिट. मेकस तेवढंही सलग घेत नाही. आईचा हात, विस्तव, कुंपण, परत आई. काही तुकडे तर डोळ्याची पापणी लवते न लवते एवढेच. त्यात कॅमेरा नवा आणि सदोष निघालाय. वेग एकसारखा राहत नाही. तो मंदावला की फ्रेमवर जास्त प्रकाश पडतो आणि चित्र पांढरंफटक होतं. दुसऱ्या कुणी डोक्याला हात लावला असता. हा मात्र त्या दोषालाच हाताशी धरतो, आणि या चित्रणातून झालेल्या फिल्ममध्ये, १९७२ च्या ‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुएनिया’मध्ये, मला सर्वांत मोलाचं तेच वाटतं. सोव्हिएत राजवटीत इथले लोक आज कसे जगतात, हे बघायला तुम्ही आला असाल, तर तो तुम्हाला ते दाखवणार नाही. सामुदायिक शेती त्याला दिसते, पण नजर शोधते ते त्याने सोडलेलं गाव. ते सलग कुठून सापडणार? तो विहिरीचं पाणी पितो, भावांबरोबर कोयत्याने गवत कापायला धावतो, आणि मध्येच चित्र उजळून विरून जातं.

मधली वर्षं थोडक्यात अशी: धाकट्या भावासह, अडॉल्फाससह, पळताना जर्मनांच्या हाती सापडला, हॅम्बुर्गजवळच्या एल्म्सहॉर्नमध्ये वेठबिगारी, मग निर्वासितांच्या छावण्या, १९४९ साली न्यूयॉर्क. तिथे पोचल्यावर थोड्याच दिवसांत उसन्या पैशांनी पहिला बोलेक्स घेतला.

आता त्याच्याबरोबर एल्म्सहॉर्नला चला, कारण फिल्ममध्ये गावानंतर हेच येतं. दोघे भाऊ वेठबिगारीच्या छावणीची जागा शोधतायत. इथे असं काही होतं, हे कुणालाच आठवत नाही. अडॉल्फास आपली खाट कुठे होती ते दाखवतो. आसपासची मुलं जमतात, या परक्या माणसांना हसतात, पळत सुटतात. योनास कॅमेरा त्यांच्याकडे वळवतो. पुढे फिल्मला आवाज देताना तो या मुलांशी बोलणार आहे: पळा, मीही इथून पळालो होतो, पण जीव वाचवायला, तुमच्यावर तशी वेळ कधी न येवो.